कोपरे सोडून

हे सगळे घडले ते २०११ साली. त्याआधी माझ्या आयुष्यात विशेष काही झाले नव्हते, आणि त्यानंतर मी इतके थकले की फारसे काही व्हावे असे वाटलेही नाही.

मित्रांनो, मी एक जुने पुस्तक आहे. उसाच्या मुलखातल्या बेलापूरच्या वाचनालयात खिडकीकडच्या कपाटात, खालून दुसऱ्या फळीवर मी असते. माझा कणा दोनदा चिकटवलेला आहे. पाने पिवळी झाली आहेत आणि उघडले की मला खोकला आल्यासारखी धूळ उडते. माझे नाव 'हलत्या चित्रांची शाळा'. चित्र काढून ते चालते-बोलते कसे करायचे, हे मी मुलांना शिकवते. निदान शिकवावे म्हणून मला जन्माला घातले.

मला लिहिले सुकन्याबाईंनी. त्या मुंबईला कार्टूनपट काढणाऱ्या एका कंपनीत होत्या. दुसऱ्याने काढलेल्या सशांना आणि हत्तींना रंग भरता भरता त्यांचे केस पांढरे झाले. पडद्यावर नावे यायची, त्यांत त्यांचे नाव कधी आले नाही. नोकरी सुटल्यावर त्यांनी मला लिहिले आणि माझे प्रत्येक चित्र स्वतः काढले. छापखान्यातला माणूस म्हणाला, "बाई, उजवीकडचे खालचे कोपरे कोरे का सोडलेत? कागद वाया जातो."

सुकन्याबाई म्हणाल्या, "ते माझे नाहीत. ते वाचणाऱ्याचे आहेत."

म्हणून माझ्या अकराव्या पानावर ठळक अक्षरांत छापले आहे: "प्रत्येक पानाच्या कोपऱ्यात एकेक चित्र काढा, मग पाने भरभर सोडा. इथूनच सुरुवात करा."

वाचनालयात आले त्या दिवशी ग्रंथपाल आबासाहेबांनी माझ्या पहिल्या पानावर जांभळा शिक्का मारला: "पुस्तकावर लिहू नये." आबासाहेब शिस्तीचे होते. शिक्का मारताना ते आतली पाने वाचत नसत. शिक्का एक सांगत होता आणि अकरावे पान दुसरेच. त्या दोघांच्या मध्ये मी कित्येक वर्षे गप्प बसून राहिले. मला कोणी नेले नाही. शेजारी लोणच्यांचे पुस्तक होते, ते सारखे बाहेर जायचे आणि तेलाचे डाग घेऊन परत यायचे. मला त्या डागांचा हेवा वाटायचा.

मग एके दिवशी रुपाली आली.

बेलापूरच्या आसपास उसाचा हंगाम सुरू झाला की पूर्वेकडून, पाथर्डीच्या बाजूने तोडकरी येतात आणि शेताच्या कडेला पाचटाच्या कोप्या, म्हणजे झोपड्या, घालून राहतात. रुपाली त्यांतली. सहावीत होती. दारातच उभी राहून म्हणाली, "चित्राचं पुस्तक हाय का?"

"सभासद आहेस का?" आबासाहेबांनी चष्म्यावरून पाहिले. "पत्ता काय?"

"पाटाच्या पलीकडं, तिसरी कोपी."

"तो पत्ता नव्हे. उद्या ऊस संपला की तुझा पत्ता उठून जाईल."

"मग ऊस संपायच्या आधी वाचते की."

आबासाहेबांना हसू आले, पण त्यांनी ते दाबले. कपाटाकडे वळले आणि मला काढून तिच्या हातात दिले. "हे ने. हे हरवलं तरी कोणी विचारायला येणार नाही."

मित्रांनो, असे बोलणे ऐकून वाईट वाटते. पण खरे सांगायचे तर मला बाहेर जायचे होते.

आबासाहेब म्हणाले होते तसेच झाले. मार्चमध्ये कारखान्याचा पट्टा पडला, म्हणजे हंगाम संपला. सकाळी ट्रक आला. भांडी, कोंबड्या, गोधड्या आणि माणसे एकाच वेळी चढली. गोधडीच्या घडीत मीही होते. रुपाली वाचनालयाकडे पळत जाऊन आली, पण दाराला कुलूप होते.

अशी मी तिच्या गावी गेले. तिथे पाणी कमी आणि ऊन फार. माझ्या पुठ्ठ्याचा डिंक त्या उन्हाळ्यातच सुटला. पण रोज कोणीतरी मला उघडत होते. रुपालीने अकरावे पान वाचले आणि पेन्सिल घेतली.

तिने तिची आई काढली, चांगुणा. पहिल्या कोपऱ्यात आई सरळ उभी. पुढच्या पानावर थोडी वाकलेली, मग आणखी वाकलेली. मग डाव्या हातातला कोयता उसाच्या बुडाशी. चांगुणा डावखुरी होती. मग ऊस हलतो, कलतो, आडवा होतो. त्या छोट्याशा चित्रात चांगुणाची पाठ इतकी खरी होती की माझ्याच कण्यात कळ यायची.

दिवाळीच्या आधी मुकादम आला. त्याचे नाव गहिनीनाथ. तोडकऱ्यांच्या टोळ्या तोच जमवायचा. ऊसतोडीत कोयता म्हणजे नुसते हत्यार नव्हे. नवरा-बायकोच्या जोडीला 'एक कोयता' म्हणतात आणि एकट्या माणसाला 'अर्धा कोयता'. रुपालीचा बाप आजारपणात गेला होता. मागच्या हंगामात चांगुणाने धाकटा भाऊ कल्याण याला जोडीला घेतले होते. आता त्याचे लग्न झाले होते.

"चांगुणाबाई," गहिनीनाथ ओट्यावर टेकत म्हणाला, "कल्याणचा कोयता आता येगळा. तू राह्यली अर्धी. अर्ध्या कोयत्याला म्या कुटं बसवू?"

"बसवू नका. म्या उभीच हाय की."

"थट्टा न्हाई. पोरगी हाताशी आली हाय. तिला घे मोळ्या बांधायला, कोयता पुरा हुईल. शाळा काय, राहू दे वरीसभर."

दुसऱ्या दिवशी चांगुणाने बाजारातून एक लहान कोयता आणला आणि दारामागे टेकवून ठेवला. रुपालीने तो पाहिला. मला मांडीवर घेऊन ती भराभर उरलेले कोपरे भरू लागली. कोयता हातात आल्यावर पेन्सिल येणार नाही, हे तिला कळले होते. तिचा हात एवढा दाबून चालत होता की एका पानाला भोकच पडले.

निघायच्या आधी चांगुणा सामान बांधत होती. मला परत करायचे म्हणून तिने उचलले. तिला वाचता येत नव्हते. तिने मला उजव्या हातात धरले आणि डाव्या अंगठ्याने पाने सोडली. त्यामुळे पाने मागून पुढे पळाली.

चांगुणा थबकली. तिने पुन्हा पाने सोडली.

"रुपे, ही कोण गं?"

"तूच. पर आये, तू उलटं सोडलंस. हिकडून सोडायचं. मग ऊस पडतो."

"आन् म्या सोडलं तर?"

"उभा राहतो."

"व्हय. तोडलेला ऊस परत उभा कराया लागलीस! आता त्यो परत तोडायला कोण जाणार, तुझा मुकादम?" चांगुणा हसली. मग तिने पुन्हा पाने सोडली. ऊस आडव्याचा उभा झाला, कोयता मागे आला आणि कोपऱ्यातली बाई हळूहळू सरळ झाली. चांगुणा बराच वेळ बघत राहिली. चुलीवरची भाकरी करपली.

"माझी कंबर अशी सरळ हुती व्हय कदी?" ती म्हणाली.

सकाळी चांगुणा उठली ती शेजारच्या रंगुबाईकडे गेली. रंगुबाईचा नवरा तिला सोडून गेला होता आणि तिचे तोंड गावात सगळ्यांत धारदार होते. दोघी मिळून मुकादमापुढे उभ्या राहिल्या.

गहिनीनाथ म्हणाला, "दोन बायांचा कोयता कुटं असतो व्हय?"

"हितं असतो, बघा," रंगुबाई म्हणाली. "आन् माझा न्हवरा हुता तवा तरी कोयता कुटं पुरा हुता? त्यो बांधावर बिडी वढायचा, म्या तोडायची. तुमी निस्तं ट्रकमधी जागा ठिवा."

बाकीच्या बाया हसल्या. मुकादमाने डोके खाजवले आणि जागा ठेवली. लहान कोयता चांगुणाने कल्याणच्या बायकोला देऊन टाकला.

बेलापूरला पोहोचल्यावर रुपाली मला घेऊन वाचनालयात गेली. आबासाहेबांनी मला बुडाले म्हणून केव्हाच सोडून दिले होते. त्यांनी मला उघडले आणि त्यांचे डोके तापले.

"पहिल्या पानावरचा शिक्का वाचता येत नाही का गं?"

"येतो की. पर अकराव्या पानावर 'काढा' म्हनून छापलंय. कुनाचं ऐकायचं, तुमीच सांगा."

आबासाहेबांनी अकरावे पान पहिल्यांदाच वाचले. मग त्यांनी पाने सोडली, एकदा पुढून, एकदा मागून. खिशातले पेन काढून शिक्क्याखाली दोन शब्द लिहिले. "पुस्तकावर लिहू नये," त्याखाली "कोपरे सोडून." आणि म्हणाले, "बस तिकडं. पुढचं पुस्तक काढतो."

मित्रांनो, माझी गोष्ट एवढीच. आता त्या माणसांचे पुढे काय झाले ते सांगते आणि मिटते.

सुकन्याबाई मुंबईतच वारल्या. त्यांनी सोडलेले कोपरे कोणी भरले, हे त्यांना कळले नाही. गहिनीनाथ मुकादमाच्या भागात आता ऊस तोडायचे यंत्र येते. तो यंत्राला लांबून शिव्या देतो. कल्याण आणि त्याची बायको अजून तोडीला येतात. चांगुणा आणि रंगुबाईचा कोयता बरेच हंगाम चालला. रंगुबाई एका हंगामातून परत गेली ती अंथरुणालाच टेकली, पुन्हा उठली नाही. चांगुणा आता गावी असते. ती चालते तेव्हाही ऊस तोडत असल्यासारखी वाकलेली असते. आबासाहेब निवृत्त झाले. त्यांना नीट दिसत नाही, तरी अधूनमधून येऊन माझ्या कण्यावरून बोट फिरवतात.

रुपाली शिकली. पुण्यात कार्टून काढण्याच्या कामाला लागली, सुकन्याबाईंसारखीच, दुसऱ्यांच्या सशांना रंग भरत. मग तेही काम कमी झाले. तेव्हा तिने स्वतःची गोष्ट चित्रांत काढली, पुस्तक केले. नाव ठेवले 'दोन बायांचा कोयता'. फार खपले नाही. त्याची एक प्रत तिने इथे आणून दिली. ती माझ्या शेजारी उभी असते, कोरी करकरीत, आणि तिचेही खालचे कोपरे रिकामे आहेत.

मी आता फार दिवस टिकणार नाही. माझी पाने फाडू नका, ओल्या हाताने धरू नका, आणि कपाटाला कुलूप लावून मला जपल्याचे समाधान मानू नका. कधी बेलापूरला आलात तर मला उचला. पाने डाव्या अंगठ्याने सोडा, मागून पुढे. माझी पाठ दुखते, पण दुखू द्या. तेवढ्या वेळात ऊस उभा राहतो आणि चांगुणाला कंबर सरळ करता येते.