सात नंबरचा लंगडा माग

तिसरा हंडा फुटला आणि तांब्याचा एक तुकडा अनंताच्या टोपीला चाटून गेला. मागांच्या खडखडाटात आवाज मात्र त्याला आला नाही. भिवंडीच्या मागांमध्ये छत्तीस वर्षं जॉबर म्हणून दुरुस्त्या केलेल्या माणसाच्या कानांत दुसरं काय उरणार? बाकीच्यांनी कान दाबले, तेव्हा त्याला कळलं की हाही हंडा गेला.

आवाज हंड्यात साठवून त्यावर दिवे लावणं यात काही नवल नव्हतं. पहाटे देवळात घंटा वाजवली की गाभाऱ्यातला दिवा दुपारपर्यंत जळायचा. पडघ्याच्या शाळेतले पंखे पोरांच्या पाढ्यांवर फिरायचे. पण गोंगाट काही साठत नव्हता. तिथे शंभर वर्षं भल्याभल्यांनी हात टेकले होते. मागांचा खडखडाट आत शिरला की हंडा फुटलाच म्हणून समजा. सरकारी नादखात्यातली मृणाली तोच नाद धरून महिनाभर बाळारामशेटच्या कारखान्यात बसली होती.

"मॅडम, पुरे आता," बाळारामशेट म्हणाले. "दिवसाचे आठ तास लोडशेडिंग. लूम चालवायचे तरी कशावर? उद्या भंगारवाल्याला बोलवलाय. राहनाळला बघा, गोडाऊन बांधून लोक निवांत झाले."

"एक हंडा उरलाय, शेट. चारला लाइट जाईल. तोवर भरला तर भरला."

दाराशी सुताच्या कांड्या भरत बसलेली आनंदीबाई उठली आणि नवऱ्याच्या, अनंताच्या, कानाशी जाऊन ओरडली, "उद्या समदे लूम भंगारात चाललेत!"

दिघाशी गावाहून आलेल्या अनंताला मागाशिवाय दुसरं काहीच येत नव्हतं, आणि आता छप्पन्नाव्या वर्षी कोण शिकवणार? त्याने फुटका हंडा हातात घेतला. तिन्ही हंड्यांवर त्याने तळहात ठेवून पाहिला होता. कान गेल्यापासून तो मागाचं दुखणं हातानेच ओळखायचा. हंड्याची थरथर सलग होती, मध्ये कुठे विसावाच नव्हता.

"बाय, सात नंबर बंद का ठेवलाय?" त्याने मृणालीला विचारलं.

मृणाली ओशाळली. "काका, तो लंगडतो ना. ताल बिघडवतो."

आनंदीबाईने तेच ओरडून सांगितलं. सात नंबर हे अनंताचं दुखरं गळू होतं. दर आठव्या ठोक्याला तो माग अडखळायचा. बावीस वर्षांत अनंताने त्याचे पट्टे बदलले, चाकं बदलली, नारळसुद्धा फोडला. माग सुधारला नाही. 'जॉबर आमचा हुशार, सात सोडून,' असं शेट पाहुण्यांना हसत सांगायचे आणि अनंता मान खाली घालायचा.

"लंगडा हाय म्हनूनच लाव," तो म्हणाला. "हंड्याला गिळाया वेळच भेटत न्हाय. घासावर घास कोंबलास त पोर वकनारच ना?"

मृणालीने स्वतःच जाऊन सात नंबरचं बटण दाबलं.

अनंताचा एक हात उरलेल्या हंड्यावर, एक सात नंबरवर. थरथर, थरथर, आणि मग क्षणभर थांबा. त्या थांब्यात हंड्याने घोट घेतला. पुन्हा थरथर, पुन्हा घोट. तांबं हळूहळू कोमट झालं.

चारच्या ठोक्याला ट्यूबलाइट विझल्या. पत्र्याखाली अंधार झाला आणि खडखडाट एकदम थांबला.

मृणालीने वही मिटली. विणकर नियाज पुटपुटला, "गया." शेट चपला शोधू लागले. आनंदीबाईने पदर डोळ्यांना लावला.

"रडतेस कशापायी?" अनंताने विचारलं.

"लूम बंद पडले!" ती त्याच्या कानाशी ओरडली.

"कोन म्हनतो? चालू हाय."

त्याने मृणालीचा हात धरून मागावर ठेवला. नियाजने टॉर्च लावला. धोटा इकडून तिकडे पळत होता आणि पांढरं कापड बोटाबोटाने पुढे सरकत होतं. एक नाही, चोवीसच्या चोवीस मागांवर. हंडा सगळा आवाज पिऊन टाकत होता आणि त्याचं बळ परत देत होता.

"चाचा," नियाज म्हणाला, "आपका बीमार लूम तो हकीम निकला."

शेटनी चपला तशाच टाकल्या आणि भंगारवाल्याला फोन लावला. "येऊ नको," एवढंच म्हणाले आणि अनंताच्या पाया पडायला वाकले. त्याने त्यांना वरच्यावर धरलं.

ही गोष्ट दोन हजार सहाची. वर्षभरात सगळी भिवंडी आवाजावर चालू लागली आणि मुकी झाली. 'लंगडा ताल' पुस्तकांत गेला. लांबलांबून इंजिनियर यायचे आणि अनंताला विचारायचे, हा अडखळा तुम्ही बसवला कसा? तो खरं तेच सांगायचा, "बसवला न्हाय. मला दुरुस्त करायाच जमला न्हाय." ते हसायचे आणि वहीत लिहून घ्यायचे.

एका दुपारी आनंदीबाईने सवयीने दारातून हाक मारली, "अवो, जेवाया चला!" शांत गल्लीत ती हाक पार नाक्यापर्यंत गेली. चार कारखान्यांतून माणसं डोकावली. ज्याच्यासाठी गेली तो मात्र तसाच पाठमोरा, सात नंबरवर हात ठेवून उभा होता.

ती लाजली, आत आली आणि मागाच्या चौकटीवर दोनदा बोटं आपटली.

"आलो," अनंता म्हणाला.