गारपगाऱ्याचा पोरगा

माझ्या बापाने उभ्या जन्मात एकही गार अडवली नाही. हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे श्याम, तुझा तरी विश्वास होता का, असं मला पुढे कोणी विचारायला नको. नव्हता. मी चांदूर रेल्वेला वेल्डिंगचं दुकान चालवतो, गोठ्यांवर टिना, म्हणजे पत्रे, बसवतो. वरून पडणारी वस्तू खाली येतेच, एवढं मला त्या धंद्याने शिकवलंय.

पण आमच्या घराण्याचं कामच ते. गारपगारी म्हणतात आम्हाला. पूर्वी वऱ्हाडात गावोगावी एक गारपगारी असायचा. आभाळ काळंनिळं झालं की त्याने उघड्या अंगाने मारुतीच्या देवळापुढे उभं राहायचं, त्रिशूळ रोवायचा, शिंगी फुंकायची आणि गारांचा ढग गावाच्या शिवेबाहेर हाकलायचा. शिवेबाहेर म्हणजे शेजारच्या गावावर. त्यांचं काय व्हायचं ते त्यांच्या गारपगाऱ्याने पाहावं. ह्या कामाबद्दल सुगीला घरटी सूपभर गहू मिळायचे. ढग वळला नाही तर मात्र शिव्या, आणि कधीकधी मार. माझ्या आज्याला त्याच मारुतीपुढे लोकांनी वहाणांनी मारलं होतं. बाप तेव्हा सहा वर्षांचा होता आणि तिथेच उभा होता.

बापाचं नाव पुंजाराम. वय चौऱ्याहत्तर, दोन्ही डोळ्यांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालेलं, गुडघे गेलेले. पंधरा वर्षांत गावाने त्याला एकदाही बोलावलं नव्हतं. लोक मोबाइलमध्ये ढग पाहायला लागले होते. एकट्या रुख्मिणीकाकू, गावातल्या जानराव पाटलांच्या बायको, दरवर्षी न चुकता सूप घेऊन यायच्या. "पुंजारामभाऊ, तुमचा हक्क," म्हणायच्या. बाप ते गहू दोन्ही हातांनी घ्यायचा. मला लाज वाटायची. घरात दोन पोती गहू असताना हा माणूस न केलेल्या कामाचे दाणे घेतो, म्हणून मी तोंडावर बोलायचो. तो म्हणायचा, "तुले नाई समजत." नव्हतंच समजत.

ह्या चैत्रातली गोष्ट. दुपारी सगळ्यांच्या मोबाइलवर वादळी वारा आणि गारपिटीचा इशारा आला. संत्र्याच्या आंबिया बहाराची फळं बोराएवढी झाली होती. बऱ्याच जणांचा गहू काढून वावरातच पडला होता. मी त्या दिवशी गावातच होतो. चारच्या सुमारास पश्चिमेला आभाळ असं काही हिरवट काळं झालं की पाखरं ओरडायची बंद झाली. आणि जानराव पाटील पाच-सहा माणसं घेऊन आमच्या दारात आले.

जानराव पाटील वाईट माणूस नाही, पण हट्टी आहे. मारुतीच्या देवळासमोरच त्यांचं घर आणि गोठा. दिवाळीत त्यावर मीच टिना टाकल्या होत्या. म्हटलं होतं, काका, प्रत्येक टिनाला आठ हूक लागतील. ते म्हणाले, भोकं पाडली की गळते, माझ्या बापाने तीस वर्षं धोंड्यांवर काढली. मग तडजोड म्हणून अर्ध्या टिना हुकांनी आवळल्या आणि अर्ध्यांवर धोंडे ठेवून मी खाली उतरलो. मला ठाऊक होतं हे चुकतंय. पण पाटलाशी हुज्जत कोण घालील, म्हणून गप्प बसलो.

"पुंजारामा," ते दारातून म्हणाले, "सात पिढ्या आमच्या घरचं सूप खाल्लं ना? मंग आज कामाले ये."

"काका, त्याले चालता येत नाई धड," मी म्हणालो. "गारीत उभा राहीन का तो?"

"तुले इचारलं नाई म्या."

"मी सांगून राहिलो ना. तो नाई येनार."

पण बाप उठला होता. त्याच्या तोंडाकडे मी पाहिलं आणि मला संताप आला, कारण तो खूश होता. पोराची वरात निघावी तसा खूश. त्याने सदरा काढून खुंटीला लावला, कोनाड्यातली शिंगी गळ्यात घातली, त्रिशूळ उचलला. गुडघ्याचं दुखणं कुठे गेलं कोणास ठाऊक. मी आडवा आलो तर म्हणाला, "बाजू हो. पंधरा वर्सानं बलावलं त्यायनं मले."

"मर मंग," मी म्हणालो. हो, म्हणालो. आणि कडी घालून आत बसलो.

खिडकीतून पाहत होतो. पहिल्यांदा वारा आला. आमच्याकडे त्याला वावधान म्हणतात. घरादारातला कचरा, वावरातलं गव्हाचं कुटार, कोणाचं लुगडं, कोणाची ताडपत्री, सगळं एकाच बाजूला धावायला लागलं. समोरच्या बाभळीची फांदी काडकन मोडून रस्त्यात पडली. मग टिनावर एक टोला बसला. मग दुसरा. मग मोजायची सोय उरली नाही. लिंबाएवढ्या गारा होत्या. त्या पडत नव्हत्या, कोणी नेम धरून माराव्यात तशा येत होत्या. अंगणात आमची शेळी बांधलेली होती. ती एकदाच ओरडली, गुडघ्यांवर बसली आणि पुन्हा उठली नाही. शेळीकडे पाहिलं आणि मी कडी काढली. माझा म्हातारा बाहेर उघड्या अंगाने उभा होता.

मी लोखंडी घमेलं डोक्यावर धरलं आणि पळालो. आमच्या घरापासून देऊळ दोनशे पावलं असेल. तेवढ्यात माझ्या दोन्ही हातांची बोटं ठेचून निघाली. घमेल्यावर असा आवाज होत होता की कान बधिर झाले. रस्त्यात पोपट मरून पडले होते, शंभरेक तरी. पाय घसरून एकदा मी त्यांच्यावरच पडलो.

देवळाच्या मंडपात माणसं दाटीवाटीने उभी होती, सगळी कोरडी. आणि समोर मोकळ्यात, मंडपापासून दहा-बारा पावलांवर, माझा बाप. डोकं फुटलं होतं. रक्त कपाळावरून दाढीत, दाढीतून छातीवर उतरत होतं आणि पाण्याने पातळ होऊन धोतराला लागत होतं. डावा खांदा खाली लोंबत होता. एका हाताने त्रिशूळ धरून तो आभाळाला आईबहिणीवरून शिव्या देत होता. शिंगी फुंकायला श्वास नव्हता, तर शिव्या देत होता.

"हटू नको पुंजारामा," मंडपातून जानराव पाटील ओरडत होते. "हटू नको."

आणि तेव्हा गार कमी झाली. हे मी कबूल करतो. खोटं कशाला बोलू? मोजून दीड-दोन मिनिटं असतील, गारा विरळ झाल्या, वारा पडला, पश्चिमेला एक पिवळी फट दिसली. गारपिटीत असं होतं. एक सर जाते आणि मागून दुसरी येते. पण मंडपातल्या माणसांनी एकदम बजरंगबलीचा जयजयकार केला. बाप माझ्याकडे वळला. त्याचा एक डोळा सुजून बंद झाला होता आणि तो हसत होता.

"फिरली," तो म्हणाला. "श्याम, पाह्य, फिरली. दोन मिनिटं अजून."

मी घमेलं फेकलं, त्याच्या कमरेला मिठी मारली आणि त्याला ओढायला लागलो. त्याने त्रिशूळाचा दांडा माझ्या पाठीत घातला. बोचकारलं, हाताला चावला. चौऱ्याहत्तर वर्षांचं ते हाडांचं गाठोडं, पण मला आवरेना. अर्ध्या वाटेवर मी मान वर केली तेव्हा रुख्मिणीकाकू दिसल्या.

गार थांबली म्हणून त्या घराबाहेर पडल्या होत्या. डोक्यावर पदर, हातात सूप, सुपात गहू आणि हळदीची पुडी. गारपगाऱ्याने ढग वळवला की त्याच ठिकाणी त्याला सूप द्यायचं असतं, म्हणून त्या गोठ्याला लागून झपाझप येत होत्या. आमच्यापासून दहा पावलं.

तेव्हाच वारा उलटला. धाडकन आवाज झाला आणि गोठ्याची कड वर उचलली गेली. हुकांच्या टिना थरथरल्या आणि जागेवर राहिल्या. धोंड्यांच्या टिना पत्त्यांसारख्या एकामागून एक उठल्या. पहिला धोंडा भिंतीवर आपटला. मी पाहत होतो. माझ्या दोन्ही हातांत बाप होता. त्याला सोडलं असतं आणि उडी मारली असती तर काकूंना ढकलता आलं असतं, असं मला रोज वाटतं. मी सोडलं नाही. मी ओरडलो, पण त्या आवाजात माझं मलाच ऐकू आलं नाही. दहा फुटांची टिन आडवी आली आणि काकूंच्या मानेत बसली.

त्या उभ्याच्या उभ्या बसल्या. सूप हातातून सुटलं नव्हतं. टिन तशीच पुढे जाऊन देवळाच्या पायरीवर आदळली. मग पुन्हा गार सुरू झाली, पहिलीपेक्षा मोठी, आणि वीस मिनिटं थांबली नाही. जानराव पाटील मंडपातून धावले आणि बायकोच्या अंगावर पालथे पडून राहिले. दुसरं कोणीही बाहेर आलं नाही. मी बापाला गाभाऱ्यात नेऊन त्याच्या अंगावर बसलो, कारण तो अजून बाहेर जायला पाहत होता. वीस मिनिटं तो माझ्याखाली रडत होता आणि मला मारत होता.

पाऊस ओसरल्यावर गाव ओळखू येत नव्हतं. संत्र्याच्या झाडांना पान राहिलं नव्हतं. सतरा घरांची छपरं गेली होती. काकूंना दवाखान्यात नेलं ते फक्त मरणाच्या कागदासाठी.

तिसऱ्या दिवशी राख सावडायला गाव जमलं होतं. जानराव पाटलांच्या पाठीवर गारांचे काळे डाग होते आणि आवाज बसला होता. ते माझ्याकडे बोट दाखवून म्हणाले, "गार फिरली होती. साऱ्यायनं पाह्यलं. ह्या पोट्ट्यानं त्याले जाग्यावरून हलवलं अन् माही बाई गेली."

मी म्हणालो, "काका, टिनावर धोंडे होते. मी हूक सांगतले होते तुमाले." स्मशानात बोलायचं हे बोलणं नव्हतं, पण माझंही रक्त तापलं होतं. सगळे बापाकडे पाहायला लागले. त्याचा खांदा बांधलेला, एक डोळा कायमचा गेलेला. तो एक शब्द बोलला असता तर विषय मिटत होता.

"पाटील खरं सांगून राहिले," बाप म्हणाला. "दोन मिनिटं पाह्यजे होती. पोरानं देल्ली नाई."

मी तिथून निघालो तो थेट चांदूरला आलो. आठ दिवस बापाचं तोंड पाहिलं नाही. शेवटी नवव्या दिवशी सकाळी गावात गेलो, कारण त्याच्या डोळ्यात औषध घालायला घरात दुसरं कोणी नव्हतं. शेजारीण सांगत होती, म्हातारा जेवत नाही. मी चूल पेटवली, भाकर टाकली, त्याला भिंतीशी टेकवून बसवलं आणि विचारायचं ते विचारलं.

"मी ओढलं नसतं तं तू मेला असता बा."

"हो ना," तो म्हणाला.

"मंग? गावापुढं मले काहून खुनी केलं तू? तुले खरंच वाटते का, गार तुह्यानं फिरली म्हून?"

त्याने एका डोळ्याने माझ्याकडे पाहिलं.

"गार का कोनाच्यानं फिरते लेका," बाप म्हणाला. "तुह्या आज्यालेबी मालूम होतं. पन गार थांबतेच. अर्ध्या घंट्यानं थांबो, का घंट्यानं. मी तेथं पडलो असतो, अन् मंग ते थांबली असती. लोकायनं म्हटलं असतं, पुंजारामनं जीव देल्ला, पन गार थांबोली. माह्या बापाले जेथं वहाना मारल्या, तेथंच म्हटलं असतं. तेवढंच पाह्यजे होतं मले. अन् तू मले देवळात कोंबलं. आता मी गावाले का सांगू? का आमी सात पिढ्या फुकटचे गहू खाल्ले?"

माझ्या हातातली भाकर तव्यावर जळत होती. मला त्याचा राग आला, आणि राग येत असतानाच रडू आलं. मी म्हणालो, "पुढच्या खेपेलेबी मी तुले ओढीन. तुले काय म्हनाचं ते म्हन."

"मालूम हाय," बाप म्हणाला आणि औषधासाठी मान वर केली. "पन सूप आननारी तं गेली. आता मले बलावते कोन?"