एकाच नावाचा मस्टर

मी एक जुना मस्टर आहे. मित्रांनो, शाळेतले शिक्षक रोज ज्यात सही करतात ना, ते हजेरीपुस्तक. १९८३ च्या जूनमध्ये नाशिकच्या मेनरोडवरच्या दुकानातून मला एका शाळेत आणलं. माझी पानं कोरी, पाठ लाल कापडाची. आता आपण उपयोगी पडणार म्हणून मी खुशीत होतो.

पण मुख्याध्यापक निवृत्ती सरांनी माझ्यात एकच नाव लिहिलं, वत्सलाबाईंचं. तिथेच मला शंका आली. टेबलावर दुसरा मस्टर होता आणि बाकीचे अठरा शिक्षक त्यात सह्या करत होते. मग मी कशाला?

कारण हळूहळू कळलं. संस्थेच्या चिटणीसांना आपल्या मेहुणीसाठी जागा हवी होती, म्हणून वत्सलाबाईंना काढून टाकलं होतं. पाच वर्षं भांडून बाईंनी हायकोर्टाचा हुकूम मिळवला: यांना पुन्हा शिकवण्याच्या कामावर घ्या.

शिपाई गेणू रोज अकरा वाजता मला कपाटातून काढून अडगळीच्या खोलीत नेई. तिथे वत्सलाबाई स्टुलावर बसलेल्या असत.

पहिल्याच दिवशी त्यांनी विचारलं, "गेणूभाऊ, यात बाकीच्यांची नावं का नाहीत?"

"मला काय ठाव नाय, बाई. सर बोलले, सही घे आन् कपाटात ठेव."

बाईंनी मला उलटसुलट करून पाहिलं. सही केली आणि शेजारी बारीक अक्षरात लिहिलं, 'आज एकही तास दिला नाही.' पुढे त्या रोजच तसं लिहू लागल्या. सर मला कधी उघडतच नसत.

दिवाळीनंतर बाईंनी कोर्टाच्या अवमानाचा अर्ज केला. शाळेने प्रतिज्ञापत्र दिलं की हुकूम पाळला आहे, बाईंच्या मस्टरवर रोजच्या सह्या आहेत. कोर्टाने मलाच हजर करायला सांगितलं. मुंबईला निघायच्या आदल्या दुपारी सरांनी मला उघडलं आणि ते घामाघूम झाले. त्यांनी खणातून ब्लेड काढलं.

गेणू दारातच उभा होता. "सर, खरवडल्यालं दिसंल. आन् मला इचारलं तर मी खोटं नाय बोलणार."

सरांनी ब्लेड परत खणात टाकलं.

कोर्टात न्यायमूर्तींनी माझं पान न् पान वाचलं. मग मराठीतच विचारलं, "बाकीचे शिक्षक सही कुठे करतात?"

सरांनी चिटणीसांकडे पाहिलं.

"आणि बाईंना वर्ग कोणता दिलाय?"

सर आणि चिटणीस हात जोडून माफी मागू लागले.

"माफीचं नंतर बघू. सोमवारी वर्ग द्या आणि पुढच्या तारखेला वेळापत्रक घेऊन या. नाहीतर तुरुंगात जायची तयारी ठेवा."

सोमवारी मी पुन्हा कपाटात होतो. शेजारच्या आठवी ब मधून वत्सलाबाईंचा आवाज आला, "वह्या काढा." आवाज जरा कापत होता. दुसऱ्या वाक्याला तो सरळ झाला.

मित्रांनो, माझ्यावरची धूळ झटका, मला वाळवीपासून जपा, असं मी म्हणणार नाही. कुणी माझ्यावर बोट ठेवून 'सगळं नियमाप्रमाणे आहे' म्हणालं, तर एवढंच करा. मला उघडून वाचा.