थोरल्यानं उतरायचं

प्रवचनकारबुवा अवतारांवर बोलायला लागले की ऐकणाऱ्यांचं भान हरपायचं. मासा काय, कासव काय, वराह काय! अवतार म्हणजे खाली उतरणं, ते सांगायचे. देव भक्ताला वर बोलावत बसत नाही, स्वतः उतरतो, चिखलात तर चिखलात. बोलणं अगदी सोन्यासारखं हो, पण घरात? लोकां सांगे ब्रह्मज्ञान, दुसरं काय!

त्यांचा धाकटा भाऊ, लिफ्ट दुरुस्त करणारा, त्याच घराच्या खालच्या मजल्यावर राहायचा. आठ वर्षं दोघांत अबोला होता. वडील अंथरुणाला खिळले होते तेव्हा धाकटा एकदा चारचौघांत बोलून गेला होता, दादा नुसता बोलतो, बाबांना उचलतो मी. खरं होतं, म्हणूनच झोंबलं. धाकट्यानं वर येऊन माफी मागावी, असं बुवांनी धरून ठेवलं. धाकटाही त्याच आईबापाचा, तो कशाला येतोय!

आज सकाळी धाकट्याला हृदयाच्या ऑपरेशनसाठी न्यायचं होतं. बुवा गालाला साबण लावून दाढीला बसले. निघण्याआधी वर येऊन भेटून जायला सांग, असं त्यांनी बायकोला सांगितलं. तिनं हातातलं काम सोडलं नाही.

"छाती कापून घ्यायला निघालेल्या माणसानं जिना चढायचा?" ती म्हणाली. "अहो, तुमचा देव डुक्कर होऊन चिखलात उतरला. तुम्हाला माणूस असून चार पायऱ्या उतरवत नाहीत?"

बुवा इतकी वर्षं वराहावर बोलले, पण त्या देवाच्या नाकातोंडात चिखल गेला असेल, हे त्यांच्या कधी मनातही आलं नव्हतं. खाली गाडीचं दार वाजलं. मग मात्र ते उठले. अंगात नुसता बनियन, एका गालाला साबण, एका पायात स्वतःची आणि दुसऱ्यात बायकोची चप्पल, असे धडपडत उतरले.

धाकटा गाडीत बसतच होता. त्यानं मान वर केली.

"काय हा अवतार, दादा!"

आठ वर्षांनी पहिलं वाक्य, तेही असलं. बुवा म्हणजे जन्मभर शब्दांवर जगलेला माणूस, पण ऐनवेळी एक धड सापडेना. त्यांनी वाकून भावाच्या हातातली पिशवी घेतली.

"सरक," एवढंच म्हणाले, आणि साबणासकट त्याच्या शेजारी बसले.