सोनाबाईचा कोरडा नळ

“आज पण नळाला पाणी नाय गो,” कमरेवर कळशी घेऊन सोनाबाई समोरच्या चंद्रावतीच्या दारात उभी राहिली आणि धडधडीत खोटं बोलली.

नळाच्या पाइपावरचा दाराबाहेरचा कॉक तिनं स्वतःच पदरानं धरून घट्ट पिळला होता. करणार काय बिचारी! गावात विहिरीवर सकाळ कशी उडून जायची. कुणाची सून कशी, कुणाचं मिठागर कसं, भांडणंसुद्धा तिथंच व्हायची. पनवेलला रेल्वे आली, चाळी उठल्या, तसं तिच्या लेकानं, जगननं, आईला एका नव्या खोलीत आणून ठेवलं आणि स्वतः नोकरीसाठी कल्याण गाठलं. इथं घरोघर नळ आणि घरोघर लावलेली दारं. नुसतं ‘बसायला आले’ म्हणून जायची तिला लाज वाटे. पाण्याला मात्र कोण नाही म्हणतं?

कळशी भरेपर्यंत ती पोटभर बोलून घेई. चंद्रावती भाकरी थापता थापता हसे.

“आजी, कळशी कवाची भरली. सांडतंय बघा!”

“सांडू दे मेलं!”

पण म्हातारीचे हे हेलपाटे चंद्रावतीला बघवेनात. रविवारी तिनं नवऱ्याला, दयारामला, पान्हा घेऊन आणलंच. त्यानं वाकून कॉक पाहिला, चावी फिरवली, आणि आत नळ धो धो सुटला.

“नुसता बंद केलेला हाय. कोणी केला?”

“पोरं जाम वांड हायत चाळीतली,” सोनाबाई खाली बघत म्हणाली. “बसा ना, च्या टाकते.”

“नको, चुलीवर मटण हाय,” चंद्रावती वळली. तिला स्वतःलाच किती बरं वाटत होतं! “सुटलात बघा आजी. आता आमच्याकडं यायचा तरास नाय.”

“बरं झालं गो. उपकार झाले तुमचे.” सोनाबाईनं डोळ्यांना पदर लावला. चंद्रावतीला वाटलं, आनंदानं.

दुसऱ्या दिवशी सोनाबाईनं हंडा भरला, बादली भरली, धुतलेली लुगडी पुन्हा धुतली. तरी सकाळ सरेना. सवयीनं रिकामी कळशी उचलून ती उंबऱ्यापर्यंत आली.

समोरून चंद्रावतीनं हाक मारली, “काय वो आजी, परत बंद झाला काय नळ?”

सोनाबाईच्या ओठावर ‘हो’ आलंच होतं.

“नाय गो,” ती म्हणाली. “भरपूर हाय पाणी.”

आणि कळशी तशीच घेऊन ती आत गेली.