भिंतीच्या आतला कूम

गुहा बारा पावले खोल होती. त्यापुढे नुसता खडक. माझी तीन वर्षांची मुलगी येला, माझे दीर माशान आणि मी असे तिघे तिथे चार दिवस होतो. माशानभावोजींच्या मांडीत ऑस्ट्रियाच्या शिपायाची गोळी रुतली होती. त्या दिवशीच्या बर्फाच्या वादळातून त्यांना उचलून नेणे शक्य नव्हते, म्हणून आम्ही मागे राहिलो. माझा नवरा गावातल्या बाकीच्या माणसांबरोबर डोंगर ओलांडून मोंटेनेग्रोत पोचला होता.

सम्राटाला आमची मुले त्याच्या फौजेत हवी होती. आम्ही क्रिवोशियेचे लोक तेरा वर्षांपूर्वी एकदा नाही म्हणालो होतो आणि त्या वेळी फौज परत गेली. या खेपेला ती डोंगरी तोफा आणि खेचरे घेऊन आली आणि गुहा एकेक करून तपासत वर सरकू लागली. ज्याच्याजवळ बंदूक सापडे त्याला जागीच गोळी घालत, असे आमच्या कानावर आले होते. भावोजींजवळ बंदूक होती. ती टाकून देण्याबद्दल मी एकदा विचारले, तेव्हा त्यांनी माझ्याकडे असे पाहिले की मी पुन्हा विचारले नाही.

पाचव्या दिवशी सकाळी खालून आवाज आले. खडकाच्या कडेने पाहिले तर तीसेक शिपाई, घोड्यावरून उतरलेला कप्तान, आणि पुढे वाट दाखवणारा श्पिरो. श्पिरो खाली समुद्राकाठच्या रिसानचा. वर्षानुवर्षे तो खेचरावर मीठ लादून आमच्या गावी यायचा आणि चीज घेऊन जायचा. आता त्याचे खेचर फौजेसाठी चालत होते आणि तोही. कप्तानाने त्याला एकट्यालाच पुढे पाठवले. आतून गोळी आली तर ती त्याला लागावी, हा त्यातला हिशेब.

तो वाकून आत आला आणि डोळे अंधाराला सरावेपर्यंत उभा राहिला. सरावले तेव्हा बंदुकीची नळी त्याच्या छातीपासून हातभर अंतरावर होती.

“ये, मीठवाल्या,” भावोजी हळू आवाजात म्हणाले. “खारं वारं लागलेला माणूस पहिल्या पावसात विरघळतो म्हणतात. बघू.”

गोळी सुटली असती तर खालचे तीस जण वर आले असते. नसती सुटली तर श्पिरो बाहेर जाऊन बोलला असता. मला तिसरी गोष्ट एकच सुचली. मी येलाला उचलून त्याच्यापुढे धरले आणि म्हणाले, “देवाच्या आणि संत योवानच्या नावानं मागते, आमचा कूम हो.”

लेकराचे पहिले केस जो कापतो तो कूम. त्या दिवसापासून तो सख्ख्या भावापेक्षा जवळचा. त्या घरावर हात उचलणे किंवा त्या घराचा घात करणे यापेक्षा मोठे पाप आमच्याकडे नाही. रक्ताची वैरे अशाच केसांवर मिटली आहेत. आणि देवाच्या नावाने मागितल्यावर नाही म्हणता येत नाही.

श्पिरो घाबरलेला होता, तरी त्याला हसू आले. “बाई, पोरगी आहे ही. पोरींचे केस कुणी कापलेत का असे?”

“मी मागितलंय. नाही म्हण, आणि जा बाहेर.”

त्याने येलाकडे पाहिले. ती त्याच्या टोपीकडे हात करत होती. त्याने कमरेची सुरी काढली, क्रुसाच्या चार टोकांसारखे चार जागचे चार केस कापले, तिच्या कपाळाचे चुंबन घेतले आणि केस खिशात ठेवले. एके ठिकाणी सुरी कातडीला लागली. येला रडली नाही.

गुहेच्या तोंडापर्यंत जाताना त्याने काय काय तोलले असेल ते मला नंतर कळले. गुहा रिकामी आहे म्हटले असते तर भिजलेले तीस शिपाई शेकोटी करायला आत आले असते. आत प्रेते आहेत म्हटले असते तर बंदुका शोधायला कुणीतरी आले असते. म्हणून त्याने तिसरे खोटे निवडले. तुकडीतला सार्जंट लिका प्रांतातला, आमचीच भाषा बोलणारा. श्पिरोने त्याला सांगितले की आत एक बाई आणि एक पोर आहे, दोघींच्या अंगावर देवी फुटल्या आहेत, कुणी जवळ जाऊ नये.

सार्जंटने ते कप्तानाला सांगितले. कप्तानाने विचारले, किती जवळून पाहिलेस? आणि आपले खोटे खरे वाटावे म्हणून श्पिरो म्हणाला, हाताच्या अंतरावरून.

तिथे तो चुकला. आम्हा डोंगरातल्यांना देवी म्हणजे नवस आणि मरण. पण ज्या बंदरात तो जन्मला तिथल्या पोरालाही ठाऊक असते की रोग असलेल्या जहाजावर जो पाय ठेवतो त्याला चाळीस दिवस वेगळे ठेवतात. कप्तानालाही ठाऊक होते. त्याचा हुकूम सार्जंटने सांगितला, “श्पिरो, आता तू त्यांच्यातलाच. आत जा.”

श्पिरोने पुष्कळ विनवण्या केल्या. खालच्या मेंढवाड्यात एकटा राहतो म्हणाला, बायकोचे नाव घेतले, दोन मुलांची नावे घेतली. संगिनी पुढे आल्या तसा तो एकेक पाऊल मागे सरत आत आला. शिपायांनी तोंडाला फडकी बांधली आणि दगड रचायला सुरुवात केली. दुपारपर्यंत भिंत उभी राहिली. त्याआधी दोन पाव आणि पाण्याचा एक डबा आत फेकला होता. बाकीची तुकडी पूर्वेच्या कड्याकडे निघून गेली. सार्जंट आणि दोन शिपाई शंभर पावलांवरच्या मेंढवाड्यात थांबले. दगडांच्या फटींतून त्यांचा धूर दिसत होता.

आत उजेड पट्ट्यापट्ट्यांनी येत होता. माणसे चार आणि जागा तिघांचीही नव्हती. श्पिरो भिंतीला टेकून बसला, त्याच्या समोर भावोजी, मांडीवर बंदूक, नळी त्याच्याकडे.

“एक हाक मारलीस,” भावोजी म्हणाले, “तर ती शेवटची.”

“मला ठाऊक आहे,” श्पिरो म्हणाला. “आणि ती मारून जगलो तर आज रात्रीचं जेवण मी माझ्या घरी करेन, हे तुलाही ठाऊक आहे. खोटं बोललो, जिवाच्या भीतीनं बोललो म्हणेन. चार फटके देतील. बस.”

मला भिंतीपेक्षा त्या नळीची जास्त भीती वाटू लागली. मी विचार करत होते तो असा: बंदूक त्याच्यावर रोखलेली असताना तो गप्प राहिला तर का राहिला, हे आम्हाला कधीच कळणार नाही. त्यालाही नाही. आणि भावोजींना झोप लागेल त्या क्षणी तो मोकळा.

“भावोजी, बंदूक खाली ठेवा,” मी म्हणाले.

त्यांनी मला वेडी म्हटले.

“ती त्याच्या छातीवर आहे तोवर तो कूम नाही, कैदी आहे. कैद्यानं हाक मारली तर त्यात पाप नाही. तुम्हीच त्याला मोकळा करताय.”

भावोजी मला शिव्या देत राहिले, हळू आवाजात, बाहेर ऐकू जाऊ नये म्हणून. फौजेने घर जाळले त्यात घरच्या बायकांचा शहाणपणाही जळाला असेल असे वाटले होते, म्हणाले. पण काडतूस काढले. ते माझ्या हातात दिले आणि बंदूक मागच्या खडकाला टेकवली. श्पिरोने हे सगळे पाहिले आणि डोळे मिटले. मला वाटते, आधी त्याला सोपे होते, आता अवघड झाले.

दुपार कलताना बर्फावर बुटांचा आवाज आला. एकाच माणसाचा. सार्जंट भिंतीजवळ येऊन उभा राहिला. फटींतला उजेड गेला. आधी त्याने मोठ्याने सांगितले की उद्या सकाळी रिसानहून फौजेचा डॉक्टर येणार आहे, भिंत उघडून पाहणार आहे. मग तो वाकला असावा, कारण आवाज अगदी दगडांतून आला.

“श्पिरो, मघाशी वाऱ्याबरोबर मला पुरुषाचा आवाज ऐकू आला. तुझा नव्हता. शिव्या देत होता. आणखी कोण आहे आत? आता सांग. भिंत पाडतो, तुला बाहेर काढतो, तुझं नाव कुठं येणार नाही. उद्या डॉक्टरनं पाहिलं तर मला काहीच करता येणार नाही.”

मी येलाचे तोंड छातीशी धरले होते. भावोजींनी बंदुकीकडे हात नेला नाही. काडतूस माझ्या मुठीत होते. श्पिरोने कपाळ दगडाला लावले. त्याचा श्वास मला ऐकू येत होता. मी मोजायला लागले. सत्तावीस श्वास झाले.

“माझाच आवाज तो, सार्जंट,” तो म्हणाला. “ताप चढलाय. काय बडबडतो मला कळत नाही. तू लांब हो. वारा तुझ्याकडे आहे.”

सार्जंट लगेच गेला नाही. मग बुटांचा आवाज उतरत गेला, येताना होता त्यापेक्षा जलद.

तासाभराने समुद्रावरून धुके चढले आणि मेंढवाडा दिसेनासा झाला. शिपायांना दगड रचायची सवय नव्हती. वरचे थर आतून सुटले. श्पिरो एकेक दगड काढून माझ्या हातात देई आणि मी तो पाणी भरलेल्या घागरीसारखा खाली ठेवी. खालून एकदा कुणीतरी खोकले, तेव्हा आम्ही हातात दगड धरून तसेच उभे राहिलो. कंबरेइतकी जागा झाल्यावर त्याने भावोजींना पाठीवर घेतले. येला माझ्या पाठीवर होती, बंदूक माझ्या खांद्यावर.

धुक्यात चालत आम्ही दोन वाटा फुटतात त्या खुंटलेल्या ओकापाशी आलो. एक वाट वर ग्राहोवोकडे, सरहद्दीपलीकडे जाते. दुसरी रिसानला उतरते. श्पिरो थांबला. त्याला कुणी अडवू शकत नव्हते. भावोजी त्याच्या पाठीवर होते, काडतूस अजून माझ्या मुठीत होते, आणि मी ते बंदुकीत भरले नाही.

उद्या डॉक्टरला फुटलेली भिंत दिसली की रिसानमध्ये त्याच्या घरासमोर शिपाई उभे राहणार होते. आज उतरला असता तर त्यांच्या आधी पोचला असता. पण मग भावोजींना वर न्यायला कुणी नव्हते, हे आम्हा दोघांनाही माहीत होते.

“कुमा,” तो मला म्हणाला. घरच्या बाईला कूम अशीच हाक मारतो; त्याने ती मला पहिल्यांदाच मारली. “तुमच्यापैकी कुणी जातं का खाली? बायकोला निरोप द्यायला?”

मी सांगितले की आता आमच्यातले कुणीच खाली जात नाही.

त्याने भावोजींचे वजन पाठीवर नीट सावरून घेतले आणि वरच्या वाटेला लागला.