नेन्चोची फळी

मेस्सेर तेबाल्दो चित्र बघायला येणार म्हटलं की फ्लॉरेन्सच्या चित्रकारांची पाचावर धारण बसे. हा कापड रंगवणाऱ्याचा मुलगा. स्वतःला एक सरळ रेघ ओढता येत नव्हती, पण डोळा असा की जन्मभर कुंचला चालवलेल्यांनी त्याच्यापुढे मान खाली घालावी. तो चित्रासमोर उभा राही, नाक खाजवी आणि एकच वाक्य बोले. संध्याकाळपर्यंत ते वाक्य जुन्या पुलावरच्या खाटकांच्या तोंडी झालेलं असे. त्याने चांगलं म्हटलेल्याला मठांतून बोलावणी येत, वाईट म्हटलेला जन्मभर खोगिरं आणि पेट्या रंगवत बसे. चित्रकारांवरचं त्याचं पुस्तक पार व्हेनिसपर्यंत वाचलं जाई. एक मात्र खरं, चित्राबद्दल तो कधी खोटं बोलला नाही. बायकोच्या थडग्यावर बसवायची मूर्तीसुद्धा त्याने "तिचा नवरा मी आहे, आणि ही ती नव्हे" असं म्हणून परत पाठवली होती.

लापो त्याचा एकुलता एक. आई गेल्यावर बापाने त्याला बोट धरून एकेका चर्चमधून फिरवलं. तिथे इतर मुलं प्रार्थना शिकत, हे पोर चुका शिकलं. "सांग, कुठे चुकलाय?" असं बाप विचारी आणि बरोबर उत्तराला भाजलेले चेस्टनट देई. खाण तशी माती. डोळा बापाचा आला, जीभही बापाची आली, पण बापाला निदान कुठे गप्प बसावं ते कळत होतं. लापो एका खानावळीत एका तरुण चित्रकाराच्या मेरीमातेला सगळ्यांदेखत हसला. त्या पोराने सुरा काढला, झटापटीत सुरा फिरला आणि चित्रकारच मेला. लापोला फाशी झाली. तेबाल्दोने सगळ्या ओळखीच्यांचे उंबरे झिजवले. काही उपयोग झाला नाही.

फाशी जाणाऱ्याला सोबत करायचं काम काळ्या झग्यांच्या बंधुमंडळाचं. त्यांच्याकडे दांडा लावलेली एक रंगवलेली फळी असते, तिच्यावर क्रुसावरचा येशू. ती मरणाऱ्याच्या तोंडासमोर धरून मंडळातला एकजण उलट्या पावलांनी चालतो. गर्दी दिसू नये, दोर दिसू नये, शेवटचं डोळ्यांत राहील ते येशूचं तोंड असावं. नजर तिथे नसेल तर त्या जिवाचं पुढे काही खरं नाही, असं सगळं शहर मानी आणि तेबाल्दोही मानी. तो स्वतः त्या मंडळात होता, म्हणूनच त्याला आत सोडलं.

पहाटे तो तुरुंगातल्या प्रार्थनेच्या खोलीत शिरला, तेव्हा लापो हसत होता आणि मंडळाचा म्हातारा प्रमुख जेरी फळी हातात धरून घामाघूम झाला होता.

"मेस्सेर, आता तुम्हीच सांगा याला," जेरी रडकुंडीला येऊन म्हणाला. "बघतच नाही. पाद्रीबाबा ताटकळलेत बाहेर."

"बघतोय की, जेरीकाका, तेच तर दुखणं आहे," लापो म्हणाला. "हा हात बघा. खांद्यातून निघालाच नाही, कुणाचा तरी उसना आणून चिकटवलाय. आणि हे रक्त म्हणे! द्राक्षांचा मुरंबा सांडलाय नुसता. कुणी काढलंय?"

"नेन्चोने. पेट्या रंगवतो ना, तो."

"तरीच! याच्याकडे बघत मरू? मेल्यावरसुद्धा हसू आवरायचं नाही मला."

जित्याची खोड, दुसरं काय. पण त्या हसण्यामागची भीती बापाला दिसली. हसणं थांबलं असतं तर तो किंचाळायलाच लागला असता.

"बाबा," लापो एकदम हळू आवाजात म्हणाला, "तुम्ही सांगा. तुम्ही म्हणाल ते खरं. चांगली आहे का ही?"

तेबाल्दोने फळी दिव्याजवळ नेली. वाईट होती. हात तसाच होता, डोळा एक वर आणि एक खाली, वरचं रोगण काळं पडलेलं. नेन्चोला पेट्यांवर बसवलं होतं तेही त्याच्याच एका वाक्याने, आणि त्या वाक्यात काही चूक नव्हती.

"चांगली आहे," तो म्हणाला.

लापो त्याच्याकडे बघतच राहिला. हसू कुठल्या कुठे गेलं.

"तुम्हीसुद्धा खोटं बोलायला लागलात बाबा? म्हणजे खरंच मारणार मला."

"खोटं नाही रे पोरा. चांगली आहे."

डोळे पुसायला लापोने हात उचलायला बघितलं, पण हात बांधलेले होते. बापाने पुसले. "बरं," लापो म्हणाला. "मग तुम्हीच धरा. जेरीकाकांचे हात फार हलतात."

पाद्रीबाबा आत आले, लापोने पापं कबूल केली. तेबाल्दोने मंडळाची तोंड झाकणारी काळी टोपी गळ्यापर्यंत ओढली, फळी उचलली आणि उलट्या पावलांनी चालू लागला. फळी धरणाऱ्याला पलीकडचं तोंड दिसत नाही, हे त्याच्या लक्षातच आलं नव्हतं. लोकांच्या शिव्या त्याला ऐकू येत होत्या, लापोचा श्वास ऐकू येत होता. फळी त्याने जराही हलू दिली नाही.

दोन शिड्या लावल्या होत्या. एकीवर लापो चढला, दुसरीवर बाप.

"बाबा, जरा खाली घ्या. चित्र बघून झालं माझं."

तेबाल्दोने फळी खाली घेतली. टोपीला दोन भोकं तेवढी होती, त्यांतून त्याने मुलाकडे बघितलं आणि मुलाने त्या भोकांकडे. लापो काहीतरी बोलणार होता.

"मेस्सेर, फळी! फळी वर घ्या!" खालून जेरी ओरडला.

पोराच्या जिवाचं पुढे काय होईल, या भीतीने बापाचं काळीज चिरलं. त्याने फळी वर घेतली. आता त्याच्यासमोर नुसतं लाकूड होतं आणि त्यात ठोकलेले खिळे. पलीकडची शिडी हलली.

त्यानंतर तेबाल्दोने कुठल्याच चित्राला वाईट म्हटलं नाही. सगळंच चांगलं म्हणू लागला, तेव्हा त्याला विचारायला कोण कशाला येईल? पुस्तक मात्र लोक वाचत राहिले. खानावळींत पोरं त्यातले टोमणे पाठ म्हणून हसत, आणि तो रस्ता बदलून घरी जाई.

नेन्चो तेवढा आला. अंगावर ठेवणीतला डगला होता आणि हातात टोपी.

"मेस्सेर, माझ्या फळीला तुम्ही चांगली म्हणालात म्हणे. जेरीकाकांनी सांगितलं. बायको रडली हो ऐकून! त्या फळीत काय चांगलं वाटलं तेवढं सांगा. पुढच्या फळीत तेच जीव ओतून करीन."

तेबाल्दोने त्याला बसवलं, वाइन ओतली.

"ते मला नको विचारूस, बाबा," तो म्हणाला. "मी मागच्या बाजूला होतो."